झ्व्यागिन्त्सेव यांची घरे

'लेव्हायथन'मध्ये घर पाडले जाते तेव्हा कॅमेरा बाहेर, बघ्यांच्या जागी उभा नसतो. तो घराच्या आत असतो. समोर काचेच्या मोठ्या खिडक्या, त्यांच्यापलीकडे उत्तरेचा फिकट उजेड, आत टेबल आणि रोज हाताळल्या जाणाऱ्या वस्तू, आणि मग यंत्राचा दातेरी लोखंडी जबडा काचा फोडत आत शिरतो. खोलीत माणूस नाही. ज्याचे हे घर, तो तोवर कैदेत गेलेला आहे, त्याची बायको या जगात राहिलेली नाही आणि मुलाला दुसऱ्यांचा आसरा घ्यावा लागला आहे. त्यामुळे घाव पडत असताना त्या घरात उरतो ते फक्त आपण, प्रेक्षक. पहिल्यांदा हा चित्रपट पाहिला तेव्हा या दृश्याने माझा नुसता संताप झाला होता. पुढे तो पुन्हा पाहताना कॅमेरा कुठे ठेवला आहे याकडे लक्ष गेले, आणि तेव्हापासून आंद्रेइ झ्व्यागिन्त्सेव या रशियन दिग्दर्शकाचे सगळे काम मी त्या जागेवरून पाहत आलो आहे.

२००३ ते २०१७ या काळात त्यांनी पूर्ण लांबीचे पाच चित्रपट केले. या पाचांविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे आणि त्यातले बरेचसे दोन टोकांना जाते: एक बाजू त्यांना सोव्हिएत दिग्दर्शक तारकोव्हस्कींचा वारस ठरवून प्रत्येक चौकटीत बायबल शोधते, तर दुसरी त्यांना सत्तेवर टीका करणारा राजकीय दिग्दर्शक म्हणते. दोन्ही म्हणण्यांत तथ्य आहे, पण दोन्ही मला अपुरी वाटतात. या पाचही चित्रपटांच्या मध्यभागी एक घर आहे आणि त्या घरात कोणाला जागा आहे, कोणाला नाही, हा प्रश्न आहे. कधी बाप बारा वर्षांनी घरी परततो, कधी घर वारसाहक्काचा विषय होते, कधी ते सरकारी कागदाच्या एका फटक्याने जाते, आणि कधी घर शाबूत असते पण त्यात एका मुलाला राहायला जागा नसते.

घराचा हा विषय त्यांच्याकडे कुठून आला असावा याचा विचार करताना मला त्यांची मॉस्कोतली सुरुवातीची वर्षे आठवतात. झ्व्यागिन्त्सेव यांचा जन्म १९६४ साली सायबेरियातल्या नोव्होसिबिर्स्क या शहरात झाला. तिथल्याच नाट्यविद्यालयात अभिनय शिकून ते १९८६ मध्ये मॉस्कोला आले आणि 'गितिस' या प्रसिद्ध नाट्यसंस्थेतून १९९० मध्ये पुन्हा अभिनयाचीच पदवी घेऊन बाहेर पडले. हातात पदवी आली आणि पुढच्याच वर्षी सोव्हिएत संघ हा देशच विसर्जित झाला. नाटकांत काम मिळेना, चित्रपट जवळपास निघेनासे झाले, आणि राजधानीत राहायला जागा नव्हती. तेव्हा त्यांनी झाडूवाल्याची नोकरी धरली, कारण त्या नोकरीबरोबर राहायला खोली मिळत असे. डोक्यावर छप्पर असावे म्हणून पहाटे उठून दुसऱ्यांच्या इमारतीभोवतीचा बर्फ बाजूला करणाऱ्या माणसाला घर या शब्दाचे वजन वेगळे कळत असणार. त्यांच्या चित्रपटांत दार, खिडकी, भिंत आणि पायऱ्या यांना जे महत्त्व आहे, त्याचा हा एकमेव उगम आहे असे मी म्हणत नाही, पण हा तपशील मला विसरता येत नाही.

त्या काळात त्यांनी जाहिराती केल्या, मालिकांत किरकोळ भूमिका केल्या आणि मॉस्कोच्या चित्रपट संग्रहालयात जगभरचे अभिजात चित्रपट पाहिले. इटालियन दिग्दर्शक अँतोनियोनींच्या कामाचा आपल्यावर मोठा प्रभाव असल्याचे ते सांगत आले आहेत, आणि माणूस चौकटीतून निघून गेल्यावरही रिकाम्या जागेवर कॅमेरा थांबवण्याची त्यांची सवय पाहिली की तो प्रभाव ओळखू येतो. २००० साली निर्माते द्मित्री लेस्नेव्हस्की यांनी दूरचित्रवाणीच्या एका मालिकेतल्या काही लघुकथा दिग्दर्शित करायला त्यांना बोलावले. ते काम पाहून लेस्नेव्हस्की यांनी पूर्ण चित्रपटाची जबाबदारी त्यांच्यावर सोपवली. दिग्दर्शनाचे रीतसर शिक्षण नसलेल्या या माणसाचा तो पहिला चित्रपट म्हणजे 'द रिटर्न'. २००३ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात त्याला सर्वोच्च 'सुवर्णसिंह' मिळाला आणि शिवाय पदार्पणातल्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कारही मिळाला, तेव्हा झ्व्यागिन्त्सेव एकोणचाळीस वर्षांचे होते.

'द रिटर्न'ची गोष्ट चार वाक्यांत सांगता येते. दोन भाऊ एके दिवशी खेळून घरी येतात तर बारा वर्षे बेपत्ता असलेला बाप आतल्या पलंगावर झोपलेला असतो. मुले माळ्यावर धावतात, एका जुन्या पुस्तकात जपलेले छायाचित्र काढतात आणि हाच तो माणूस का याची खातरजमा करतात. दुसऱ्या दिवशी बाप त्यांना मोटारीतून सहलीला नेतो, आणि ती सहल निर्जन बेटावर जाऊन संपते. बाप कुठे होता, का आला, बेटावर जमिनीतून उकरून काढलेल्या पेटीत काय होते, यातले काहीच चित्रपट सांगत नाही. पेटी उघडली न जाताच पाण्याखाली जाते. मूळ पटकथेची वीण बरीचशी रहस्यपटाच्या अंगाने जाणारी होती, आणि दिग्दर्शकाने त्यातले खुलासे काढून टाकत टाकत तिला आजचे रूप दिले. इथेच त्यांच्यातला पटकथाकार दिसतो. काय लिहायचे यापेक्षा काय गाळायचे हे ज्याला कळते, त्याच्या पटकथेत प्रेक्षकाला बसायला जागा मिळते.

या चित्रपटाशी जोडलेली एक घटना इथे टाळता येत नाही. चित्रपटाची सुरुवात उंच मनोऱ्यावरून पाण्यात उड्या मारणाऱ्या मुलांपासून होते. थोरल्या भावाची भूमिका करणारा व्लादिमीर गारिन हा सोळा वर्षांचा मुलगा, चित्रपट व्हेनिसला दाखवला जाण्याच्या काही आठवडे आधी एका तळ्यात बुडून मरण पावला. हे कळल्यानंतर सुरुवातीचे ते दृश्य मला निव्वळ गोष्टीचा भाग म्हणून कधी पाहता आलेले नाही.

२००७ सालच्या 'द बॅनिशमेंट'वर मी फार रेंगाळणार नाही. विल्यम सरोयान यांच्या कादंबरीवरून घेतलेल्या या चित्रपटात एक जोडपे मुलांसह वडिलोपार्जित घरी येते आणि तिथे बायको सांगते की पोटातले मूल नवऱ्याचे नाही. चित्रपट देखणा आहे. त्यातल्या बापाच्या भूमिकेसाठी कोन्स्तांतिन लाव्रोनेन्को यांना कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. पण त्यातली माणसे कोणत्याच देशातली नाहीत, त्यांचे पैसे, मोटारी, रस्ते कोणत्याच काळातले नाहीत, आणि इतके सगळे हवेत ठेवल्यामुळे दुःखसुद्धा हवेतच राहते, असे माझे मत आहे. या चित्रपटाची मोठी जमेची बाजू वेगळी आहे: ओलेग नेगिन या लेखकाशी त्यांचे सूर इथे जुळले. पुढचे तिन्ही चित्रपट या दोघांनी मिळून लिहिले, आणि नेगिन आल्यानंतर झ्व्यागिन्त्सेव यांची माणसे ढगातून खाली उतरून बँकेत, रुग्णालयात, वकिलाकडे आणि पोलीस ठाण्यात जाऊ लागली.

'एलेना' हा त्या बदलाचा पहिला आणि माझ्या लेखी सर्वांत निर्दोष चित्रपट. त्याचे मूळ गमतीचे वाटावे असे आहे, पण ते फार अर्थपूर्ण आहे: एका ब्रिटिश निर्मात्याला जगाच्या अंताविषयी चित्रपट हवा होता आणि त्यासाठी ही कथा आधी इंग्रजीत घडणार होती. तो बेत फिसकटला, कथा मॉस्कोत आली आणि २०११ मध्ये चित्रपट पूर्ण झाला. त्यात भूकंप नाही, प्रलय नाही. एक श्रीमंत म्हातारा आहे, आणि एकेकाळी रुग्णालयात त्याची शुश्रूषा करणारी परिचारिका आता त्याची बायको आहे. दोघांनाही आधीच्या लग्नांची मुले आहेत. तिचा मुलगा शहराच्या कडेला, कारखान्याच्या धुराड्यांजवळच्या इमारतीत बायकामुलांसह बिनकामाचा बसलेला आहे, आणि नातवाला सैन्यात जाण्यापासून वाचवायचे तर विद्यापीठात प्रवेशासाठी पैसे चारायला हवेत. म्हातारा नकार देतो. पुढे हृदयविकाराच्या झटक्यानंतर तो मृत्युपत्र करायचे ठरवतो आणि मालमत्ता आपल्या मुलीच्या नावे ठेवणार असल्याचे बायकोला शांतपणे सांगतो. वकील यायच्या आधीच एलेना त्याच्या रोजच्या गोळ्यांत एक अशी गोळी मिसळते जी त्याच्या हृदयाला सोसणार नाही.

पहिलेच दृश्य थोडे जवळून पाहण्यासारखे आहे. पहाट आहे, बाहेरून घराची बाल्कनी दिसते आहे, मध्ये एक निष्पर्ण फांदी. बराच वेळ काहीच घडत नाही. मग कावळा येऊन फांदीवर बसतो, ओरडतो, आणि काचेवर सूर्याचा तांबूस उजेड हळूहळू चढत जातो. त्यानंतर कॅमेरा आत येतो आणि माणसे नसलेल्या खोल्या एकेक करून दाखवतो: स्वच्छ, महाग, थंड. घड्याळाचा गजर होतो, एलेना वेगळ्या खोलीत एकटी उठते, आरशासमोर केस बांधते, पडदे सरकवते आणि नवऱ्याला उठवायला जाते. संवाद सुरू होण्याआधीच आपल्याला कळून चुकते की या घरात ती बायको कमी आणि कामावरची बाई जास्त आहे. नादेझ्दा मार्किना या अभिनेत्रीने एलेनाला जो साधा, घरगुती, जवळजवळ प्रेमळ चेहरा दिला आहे, त्यामुळे तिच्या कृत्याकडे पाहताना आपण गुन्हेगाराकडे पाहतो आहोत असे क्षणभरही वाटत नाही, आणि तेच भयंकर आहे. समोर म्हाताऱ्याच्या भूमिकेत आंद्रेइ स्मिर्नोव्ह आहेत, जे स्वतः नामवंत दिग्दर्शक आहेत. फिलिप ग्लास यांच्या तिसऱ्या सिम्फनीतला एक भाग मधूनमधून वाजतो आणि आगगाडीच्या चाकांसारखा पुढे ढकलत राहतो. शेवटी एलेनाच्या मुलाचे सगळे बिऱ्हाड त्या घरात येते, तान्ह्या नातवाला म्हाताऱ्याच्या पलंगावर ठेवले जाते, आणि बाहेर तीच फांदी असते. जगाचा अंत म्हणजे घराचे मालक बदलणे, एवढेच दिग्दर्शकाने दाखवले आहे.

या सगळ्यात छायालेखक मिखाइल क्रिचमन यांचा वाटा फार मोठा आहे. पाचही चित्रपट त्यांनीच चित्रित केले आहेत. त्यांचा कॅमेरा घाई करत नाही. तो पुढे सरकतो तेव्हा इतका सावकाश सरकतो की सरकला आहे हे पोहोचल्यावर कळते.

आता 'लेव्हायथन'. २००८ च्या सुमारास अमेरिकेत एका लघुपटाचे काम करत असताना झ्व्यागिन्त्सेव यांनी मार्विन हीमायर या माणसाची हकीकत ऐकली. कोलोरॅडोतल्या ग्रॅनबी गावात जमिनीच्या वादात हरलेल्या या माणसाने २००४ मध्ये आपल्या बुलडोझरला पोलादी कवच चढवले, गावातल्या अनेक इमारती जमीनदोस्त केल्या आणि मग स्वतःला संपवले. याच्या जोडीला क्लाइस्ट यांच्या जर्मन कथेतला अन्यायाने पेटून उठलेला घोड्यांचा व्यापारी होता आणि बायबलमधला, निर्दोष असून हाल सोसणारा ईयोब होता. पण कथा रशियात आणल्यावर तिच्यातून बंडच नाहीसे झाले. कोल्या नावाचा गाडी दुरुस्त करणारा माणूस, समुद्रकाठचे त्याचे घर, त्या जागेवर डोळा ठेवून असलेला नगराध्यक्ष, मॉस्कोहून मदतीला आलेला वकील मित्र: अमेरिकेतल्या माणसाने बुलडोझर स्वतः चालवला, इथे तो राज्यसत्तेच्या हाती आहे. बळी तो कान पिळी हे तर आपण जाणतोच. या पटकथेचे बळ हे की कान पिळणाऱ्याकडेही ती माणूस म्हणूनच पाहते. रोमान माद्यानोव्ह यांनी रंगवलेला नगराध्यक्ष दारू पितो, घाबरतो, धर्मगुरूकडे जाऊन धीर मागतो, आणि सगळी सत्ता ईश्वराकडून येते असे ऐकून ताजातवाना होऊन परत येतो.

कोल्याच्या दाव्याचा निकाल वाचला जातो ते दृश्य मी कोणालाही दाखवायला तयार आहे. न्यायाधीश बाई श्वास न घेता, एका सुरात, आवाजात कोठेही चढउतार न आणता निकाल वाचत जातात. कलमे, तारखा, चौरस मीटर, रक्कम, फेटाळण्यात येत आहे. कॅमेरा हळूहळू त्यांच्याकडे सरकत राहतो. रशियन न येणाऱ्या माझ्यासारख्याला उपशीर्षके वाचून पुरी होत नाहीत, आणि त्याने काही बिघडत नाही, कारण ते वाचन कोणी ऐकावे म्हणून चाललेलेच नाही. पुढे कोल्याला बायकोच्या खुनाबद्दल पंधरा वर्षांची शिक्षा होते तेव्हाही वाचनाची चाल हीच असते. माणसाचे आयुष्य त्या वाचनाच्या वेगाखाली चिरडले जाते, आणि हे दोन लेखकांनी कागदावर लिहिलेले आहे, हे ध्यानात आले की २०१४ मध्ये कान महोत्सवाने झ्व्यागिन्त्सेव आणि नेगिन यांना सर्वोत्कृष्ट पटकथेचा पुरस्कार का दिला ते स्पष्ट होते.

चित्रीकरण मुख्यतः बॅरेंट्स समुद्राच्या किनाऱ्यावर, मुर्मान्स्क प्रांतातल्या तेरिबेर्का या गावी झाले. मोडक्या होड्यांचे सांगाडे, ओहोटीने उघडी पडलेली वाळू, आणि किनाऱ्यावरचा तो देवमाशाचा सापळा, जो चित्रपटासाठी मुद्दाम तयार केला होता. कोल्याचा मुलगा रडायला त्याच्याजवळ जाऊन बसतो. चित्रपटानंतर या दूरच्या गावात पर्यटक येऊ लागले, ही गोष्ट मला विचित्र वाटते आणि बरीही वाटते.

मायदेशी मात्र या चित्रपटाच्या वाट्याला मोठी ओढाताण आली. निर्मितीत रशियाच्या संस्कृती मंत्रालयाचा पैसा होता, आणि संस्कृतिमंत्री व्लादिमीर मेदिन्स्की यांनी तो आवडला नसल्याचे जाहीरपणे सांगितले. जुलै २०१४ पासून चित्रपटांतल्या शिव्यांवर बंदी घालणारा कायदा लागू झाला होता, म्हणून २०१५ च्या फेब्रुवारीत तो रशियात प्रदर्शित झाला तेव्हा कोल्याच्या तोंडचे कित्येक शब्द मुके केले गेले. दारू आणि शिव्या यांखेरीज ज्याच्याकडे दुसरे काही उरलेले नाही, त्याच्या शिव्याही काढून घ्याव्यात, याचे मला आजही वाईट वाटते. त्याआधीच जानेवारीत 'गोल्डन ग्लोब' मिळाला होता, ऑस्करचे नामांकन झाले होते आणि इंटरनेटवर चित्रपट फुटलाही होता. घरबसल्या फुकट पाहिलेल्या अनेकांना पैसे द्यावेसे वाटले, तेव्हा निर्माते अलेक्सांद्र रोद्न्यान्स्की यांनी ते पैसे आजारी मुलांसाठी काम करणाऱ्या एका धर्मादाय संस्थेकडे वळवायला सांगितले. पुढच्या 'लव्हलेस' या चित्रपटात रशियन सरकारचा पैसा नव्हता. तो फ्रान्स, बेल्जियम आणि जर्मनीच्या भागीदारीत झाला.

त्या पुढच्या चित्रपटानंतर मोठा खंड पडला. २०२१ मध्ये कोविडने झ्व्यागिन्त्सेव यांची प्रकृती इतकी खालावली की जर्मनीतल्या रुग्णालयात त्यांना दीर्घकाळ कृत्रिम कोमात ठेवावे लागले, आणि शुद्धीवर आल्यानंतर त्यांना पुन्हा चालायला शिकावे लागले. ते बरे होत असतानाच २०२२ चे रशिया-युक्रेन युद्ध सुरू झाले. ते रशियाला परतले नाहीत, फ्रान्समध्ये राहू लागले. पाच चित्रपटांत घराबाहेर काढल्या गेलेल्या माणसांकडे इतक्या जवळून पाहणाऱ्या दिग्दर्शकाला साठीच्या उंबरठ्यावर परक्या देशात बिऱ्हाड करावे लागले.

म्हणून २०१७ चा 'लव्हलेस' मी आता वेगळ्या मनाने पाहतो. त्याचे रशियन नाव 'न्येल्युबोव्ह' असे आहे. प्रेम या शब्दाला नकाराचा उपसर्ग जोडून झालेला हा एक अखंड शब्द आहे. प्रेमाचा नुसता अभाव सांगून तो थांबत नाही, प्रेमाच्या जागी येऊन बसलेल्या कशाला तरी तो नाव देतो. आपल्याकडे 'अप्रेम' असा शब्द कोणी रुळवला असता तर तो इथे चपखल बसला असता. झेन्या आणि बोरिस यांचा घटस्फोट होऊ घातला आहे, राहता फ्लॅट विकायला काढला आहे, दोघांचीही नवी नाती जुळलेली आहेत. बारा वर्षांच्या अल्योशाला कोणी ठेवून घ्यायचे यावर एके रात्री भांडण होते, आणि भांडण त्याला मिळावे म्हणून नसते, तो नको म्हणून असते. आई न्हाणीघरातून बाहेर येते, दार लोटते, आणि दार मिटत जाताना त्याच्यामागे अंधारात उभा असलेला मुलगा दिसतो. तोंड वासलेले, सगळा चेहरा रडण्याने पिळवटलेला, आणि आवाज अजिबात नाही. सगळे ऐकले आहे त्याने. हे दृश्य काही क्षणांचेच आहे, पण दाराच्या मागची ती वीतभर जागा, एवढीच त्या घरात त्याची होती.

दुसऱ्या दिवशी तो नाहीसा होतो, आणि आईबापांच्या ते ध्यानात यायला त्यानंतर एक दिवस उलटतो. पोलीस हात वर करतात. शोध घेतात ते स्वयंसेवक. २०१० साली एका हरवलेल्या लहान मुलीच्या शोधानंतर रशियात उभ्या राहिलेल्या 'लिझा अलर्ट' या खऱ्या चळवळीवरून हा भाग बेतलेला आहे. केशरी जाकिटे घातलेली ही माणसे रांग धरून जंगलातून जातात, मुलाचे नाव पुकारतात, थांबून कानोसा घेतात, पडक्या इमारतीच्या तळघरांत विजेऱ्या मारतात. स्वतःचे पोर नसताना ती हे करतात. त्यांच्यावर भाष्य नाही, गोडवे नाहीत. त्यांची शिस्त तेवढी दाखवली आहे, आणि पाचही चित्रपटांत मिळून मला सर्वांत जास्त आधार या अनोळखी माणसांनी दिला.

पुढे कामगार येऊन अल्योशाच्या खोलीतला भिंतीचा कागद ओरबाडून काढतात, कारण फ्लॅट नव्या मालकांसाठी तयार करायचा असतो. सुरुवातीला शाळेतून घरी जाताना त्याने एक पांढरी-तांबडी पट्टी उचलून झाडाच्या उंच फांदीवर भिरकावलेली असते. अखेरच्या चित्रात बर्फ पडलेला आहे, काही वर्षे लोटली आहेत, तळ्याकाठी कोणी नाही, आणि ती पट्टी त्याच फांदीवर वाऱ्याने हलते आहे.